फोडशीला फूल येईना

अंबाबाईच्या हातचं झाड मरत नाही असं कासार आंबोलीत सगळे म्हणतात, आणि यंदाच्या जूनमध्ये तिला नेमका त्याच गोष्टीचा संताप येत होता. मेलं असतं तर एकदा रडून मोकळी तरी झाली असती. पण भुकूमच्या सोसायटीत, बी विंगच्या मागच्या उतारावर, तिनं बियांपासून वाढवलेली फोडशी अशी काही माजली होती की येणारा जाणारा थांबून बघायचा. हिरवीगार, पोटरीला लागेल एवढी उंच, पानं एवढी रुंद की वारा आला की सळसळ ऐकू यायची. फक्त फूल नव्हतं. दोनशे झाडांत मिळून एकसुद्धा नाही. आणि सगळा खेळ त्या फुलावर होता.

फोडशी म्हणजे काय ते आधी सांगायला हवं. पावसाळा लागला की डोंगरउतारावर सगळ्यात आधी जी पाती जमिनीतून वर येतात, कांद्याच्या पातीसारखी पण चपटी, ती फोडशी. कुणी कुलू म्हणतं. मुळशीत घराघरात तिची भाजी होते, भिजवलेली हरभऱ्याची डाळ आणि भरपूर कांदा घालून. भाजीसाठी कुणी काढली नाही तर थोड्याच दिवसांत तिच्या मधोमध एक दांडा वर येतो आणि त्यावर पांढरी सहा पाकळ्यांची फुलं लागतात. बाकीच्या रानफुलांना अजून महिना दोन महिने अवकाश असतो, तेव्हा ही एकटीच फुललेली असते.

पण जिथं भाजी होते तिथं फूल बघतं कोण? अंबाबाईनं पन्नास वर्षं फोडशी खाल्ली. माल्याला माहेरी असताना आईच्या मागं डोंगरावर जाऊन ओटीभर खुडून आणायची, लग्नानंतर आंबोलीच्या डोंगरावरून आणायला लागली. पान कोवळं हवं, दांडा यायच्या आत काढायची, फुलावर आली की पान चरबट होतं, एवढं तिला झोपेत विचारलं तरी सांगता आलं असतं. फुलाबद्दल विचारलं असतं तर ती म्हणाली असती, पांढरं असतं. संपलं.

अंबाबाई धनगराची. नवरा म्हसू, साठ-सत्तर मेंढरं, थोडीशी खाचरं. ती स्वतः एकोणीस वर्षं एका नर्सरीत रोजावर होती. पिशव्यांत माती भरायची, कलमांना पट्ट्या बांधायची, रोपं टेम्पोत चढवायची. तिनं जगवलेली हजारो झाडं लोकांच्या बंगल्यांत उभी आहेत आणि एकावरही तिचं नाव नाही, नर्सरीचं आहे. मग कंबर धरली, आणि चार वर्षांपूर्वी ह्या सोसायटीनं तिला ठेकेदाराशिवाय थेट कामावर घेतलं. गेटवर तिच्या फोटोचं कार्ड. पाइप, खुरपं, कात्री तिच्या ताब्यात. वॉचमन मॅडम म्हणायचा नाही, पण माळीणमावशी म्हणायचा आणि ते तिला आवडायचं. बसची वाट बघत उभी असली तरी शेजारच्या कुंपणाची वाळकी पानं खुडत उभी राहणारी बाई ती. हात गप्प बसत नाहीत तिचे.

तर त्या फुलाचं वेड सोसायटीत आणलं जान्हवीनं. जान्हवी अमरावतीची, हिंजवडीला आयटीत, बी विंगमध्ये चौथ्या मजल्यावर. तीन वर्षांपूर्वी जूनमध्ये ती मागच्या टेकडीवर फिरायला गेली आणि फोनमध्ये फोटो घेऊन धावत खाली आली. अंबाबाई पाइप गुंडाळत होती. जान्हवीनं फोन तिच्या नाकासमोर धरला आणि विचारलं, मावशी, हे काय आहे, इतकं सुंदर?

अंबाबाईनं डोळे बारीक करून बघितलं आणि म्हणाली, "ही व्हय? ही फोडशी. जून झालीया आता. भाजीच्या कामाची न्हाई."

जान्हवी हसत सुटली. पण तिच्या डोक्यात ते बसलं. बी विंगच्या मागचा उतार दोन वर्षं ओसाड होता, तिथं लावलेलं लॉन दोनदा जळून गेलेलं. तिथं ही इथलीच फुलं लावायची, पाणी कमी, खर्च कमी, असं तिनं कमिटीत मांडलं. आधी ती नर्सऱ्या फिरली. पौड रोडवरच्या एकाही नर्सरीत फोडशी नव्हती. एकानं तर मॅडम, त्याच जातीतलं आहे, असं सांगून पांढऱ्या पट्ट्यांची बाल्कनीतली झाडं वीस कुंड्या भरून गळ्यात मारली. अंबाबाईनं ती बघितली आणि कपाळावर हात मारला. मग तीच बोलून गेली की रोपं मिळत नसतील तर मी बियापासून करून देते.

बोलून गेली आणि अडकली. कारण कमिटीचे सेक्रेटरी होते शरदचंद्र सर. सरकारी नोकरीतून रिटायर झालेले, माणूस वाईट नाही, पण सगळं फाइलला लावणारा. त्यांच्याकडे एका ठेकेदाराचा प्रस्ताव आधीच होता: चांगलं कार्पेट लॉन, देखभाल त्याची, माळी त्याचे. सरांनी मधला मार्ग काढला. तिसऱ्या वर्षीच्या जूनअखेरपर्यंत उतार फुलला तर तसाच ठेवायचा आणि अंबाबाईलाही कायम ठेवायचं. नाही फुलला तर ठेकेदार. ठेकेदाराचे माळी आले की सोसायटीला वेगळी माळीण कशाला लागणार, हे कुणी बोललं नाही, पण ते कळायला काय शाळा शिकावी लागते? अंबाबाईला त्याच क्षणी कळलं. घरी जाऊन म्हसूला ती एवढंच म्हणाली की माझी नोकरी फोडशीवर टांगलीय. म्हसू भाकरी मोडता मोडता थांबला आणि विचारलं, नोकरी कशावर?

त्या वर्षी गौरीला ती माल्याला गेली, माहेरी, आणि तिथल्या उतारावर बी शोधायला लागली. आणि तेव्हा तिच्या लक्षात आलं की आपण फोडशीचं बी आयुष्यात बघितलेलं नाही. काय शोधायचं तेच माहीत नाही. दोन दिवस ती गवतात वाकून फिरली. तिचा भाऊ बापूसाहेब बांधावर उभा राहून बघत होता, शेवटी म्हणाला, "अक्का, माहेरपणाला आलीयास का गवात काढायला?"  तिसऱ्या दिवशी वाळक्या दांड्यांवर तीन कप्प्यांची बोंडं सापडली, आत कांद्याच्या बियासारखं काळं बारीक बी. रुमालात बांधून आणलं, ओंजळभर.

पुढच्या पावसाळ्यात पेरलं. शंभरातली वीसही रुजली नाहीत. जी रुजली ती केसासारखी. तिनं गुडघ्यावर बसून बोटांनी गवत वेचलं, खुरपंसुद्धा लावलं नाही. दिवाळीनंतर सगळी पाती वाळून गेली आणि उतार पुन्हा उघडा पडला. शरदचंद्र सर येऊन बघून गेले आणि म्हणाले, मेली वाटतं. अंबाबाई म्हणाली, मेली न्हाई, खाली गड्डा हाय, निजलीया. सर हो म्हणाले, पण चेहऱ्यावरून कळत होतं की फाइलमध्ये त्यांनी मेली असंच लिहिलं असणार.

त्याच्या पुढच्या जूनमध्ये सगळी परत उठली. मधल्या वेळात तिनं माल्याहून आणखी बी आणून ट्रेमध्ये लावलं होतं, तीही धरली. दोनशेच्या वर झाडं झाली. आणि एकदम कडेला, भिंतीच्या पायथ्याशी जिथं बांधकामाचा राडारोडा पडलेला, तिथल्या एका रोगट झाडाला दांडा आला. दोन फुलं. जान्हवीनं फोटो काढला, ग्रुपवर टाकला, अंबाबाईला मिठी मारली. अंबाबाईला ते फूल पहिल्यांदा नीट दिसलं. पांढरं, मध्ये पिवळे तुरे, आणि एवढंसं. ह्याच्यासाठी एवढं? असं तिच्या मनात आलं, पण दुसऱ्या दिवशी सकाळी कामावर आल्यावर ती आधी तिकडंच गेली. तिसऱ्या दिवशीही. फुलं वाळून गेली तेव्हा तिला चुटपुट लागली.

आणि इथंच तिनं घोळ घातला. म्हणजे निघाली होती चांगलंच करायला, हेच तर दुःख आहे. तिनं विचार केला की राडारोड्यात, उपाशीपोटी, ह्या झाडानं दोन फुलं दिली. मग ह्यांना पोटभर जेवायला घातलं तर किती देतील?

म्हसूच्या लेंडीखताला मुळशीत मान आहे. पौडच्या बाजूचे शेतकरी उन्हाळ्यात त्याला निरोप धाडतात, मेंढरं आमच्या रानात बसव म्हणून, दोन दोन महिने आधी सांगून ठेवतात. मेंढरं चार रात्री रानात बसली की त्या रानाचं भात वेगळंच दिसतं. सगळी लेंडी ठरलेली असते, घरच्या खाचरालासुद्धा उरत नाही. अंबाबाईनं मार्चमध्येच त्याच्या मागं लकडा लावला. तो आधी नाहीच म्हणाला. शब्द दिलेलं खत त्या बिल्डिंगमधल्या गवताला घालू का, लोक तोंडात शेण घालतील, वगैरे. मग ती काही बोलायचीच बंद झाली. चार दिवसांनी तो आठ गोण्या टेम्पोत घालून स्वतः भुकूमला आला. गेटवर वॉचमननं अडवलं, वासामुळं. अंबाबाई पुढं झाली आणि म्हणाली माझे मालक हायेत. म्हसूनं सगळा उतार बघितला, गोण्या उतरवल्या आणि हातानं लेंडी चुरगाळून दाखवत म्हणाला, "ह्यात दगूड पेरलास तरी उगवंल."

सोसायटीच्या ग्रुपवर दोन दिवस नुसता वासाचा विषय होता. शरदचंद्र सरांना फोनवर फोन. जान्हवीनं सगळ्यांना समजावलं, ऑरगॅनिक आहे, दोन दिवस सहन करा, जूनमध्ये फुलं बघाल. अंबाबाईनं अर्धी गोणी राखून बाकीची सगळी लेंडी मातीत मिसळली. मेअखेरीच्या वळवानं पाती वर आली तशी तिनं शेंडे खुडले. एकदा नाही, दोनदा. पहिला खुडा घेतला की झाड दुप्पट फुटतं हे आईनं शिकवलेलं, मेथी असो, राजगिरा असो. खुडलेली पानं टाकायची कशी, म्हणून घरी भाजी केली आणि एक डबा जान्हवीला नेऊन दिला. जान्हवीनं डब्याचाही फोटो काढला.

आणि मग जून लागला.

रोज सकाळी अंबाबाई बसमधून उतरून कार्डसुद्धा न दाखवता थेट उतारावर. एकेका झाडाची पानं बाजूला करायची, पोटात बोट घालून चाचपायची, दांड्याचा कोंब लागतो का. लागायची ती नवीन पानंच. पाच तारीख, दहा तारीख, पंधरा. झाडं रोज वाढत होती, नुसती वाढत होती. ए विंगचे एक काका वॉकला यायचे, ते म्हणाले, मावशी हा गवती चहा ना, चार पानं नेऊ का? तिनं दोन वेळा समजावून सांगितलं, तिसऱ्या वेळी म्हणाली न्या. कुणी म्हणायचं काय सुंदर हिरवळ केलीत. कुणी म्हणायचं, मावशी तुमच्या हातात जादू आहे. पूर्वी असं कुणी म्हटलं असतं तर ती आठ दिवस त्यावर जगली असती. आता तिला वाटायचं पाइप घेऊन ह्यांच्या तोंडावर धरावा.

तिनं आणखी काय काय केलं. पाणी वाढवलं. मग कमी केलं. मग उरलेली अर्धी गोणी लेंडी होती ती पण घातली, वाटलं कमी पडलं असेल. जान्हवी फोनवर वाचून काही काही सांगायची, कधी सावली जास्त होतेय, कधी ऊन, आणि रोज संध्याकाळी विचारायची, मावशी, काही दिसतंय? त्या विचारण्यानं अंबाबाईच्या अंगाची लाही व्हायची. दिसलं असतं तर सांगितलं नसतं का? घरी आली की भांडी जोरात आपटायची. म्हसू मेंढरांना म्हणायचा, चला रे, हितं आज आपलं काय खरं न्हाई.

वीस तारखेला सुट्टीच्या दिवशी ती म्हसूची भाकरी घेऊन आंबोलीच्या डोंगरावर गेली. वाट चढताना मान खालीच होती, आणि मुरमाड टप्प्यावर आल्यावर तिचे पाय थांबले. सगळीकडं पांढरं. जिथं धड माती नाही, नुसते खडे, जिथून पाणी पडल्या पडल्या वाहून जातं, तिथं फोडशी फुललेली. चार चार पानांची मरतुकडी झाडं, काही तर मेंढरांनी कुरतडलेली, आणि प्रत्येकीच्या डोक्यावर दांडा, दांड्यावर सात-आठ फुलं. कुणी पेरलं नाही, कुणी बघितलं नाही.

ती भाकरीचं फडकं मांडीवर घेऊन तिथंच बसली. तिला रडू येईल असं वाटलं होतं, पण आला तो राग. एवढा राग की तिनं हाताला लागलेलं एक झाड मुळासकट उपटलं. खाली काडेपेटीच्या काडीएवढी बारीक मुळं. ते झाड घेऊन ती वर म्हसूकडं गेली आणि त्याच्या तोंडासमोर धरून म्हणाली, बघा ह्या सटवीकडं, हिला कुणी खायला घातलं? आणि माझ्याकडच्या आठ आठ गोण्या गिळून बसल्यात.

म्हसूनं झाड हातात घेतलं, मुळं बघितली, फुलं बघितली. मग शांतपणे भाकरीचं फडकं सोडलं, एक घास खाल्ला आणि म्हणाला, "माजलेली मेंढी गाभण ऱ्हात न्हाई, अंबे."

"म्हंजी?"

"म्हंजी काय. जास्त खाऊन चरबी चढली की ती कशाला पिल्लाच्या भानगडीत पडंल? तिला काय घाई? ही बघ, हिला मरायचं भ्या हाय, म्हणून बी धरायची घाई हाय."

 तो बरोबर बोलत होता हे तिला लगेच कळलं, आणि म्हणून तर ती जास्त भडकली. हे आधी माहीत होतं तर गोण्या आणून टाकताना तोंड शिवलं होतं का तुमचं, असं ती म्हणाली. म्हसू म्हणाला, "तू खत मागितलंस. फुलाचं कवा बोललीस? मला वाटलं भाजीच करतीयास."

आणि ते शब्द तिला लागले. कारण खरंच की. तिनं काय केलं होतं? शेंडे खुडले, खत घातलं, पाणी दिलं, पान कोवळं राहील, दांडा धरणार नाही, ह्याचीच सगळी सोय. आईनं शिकवलेलं सगळं अगदी बरोबर केलं होतं. तिनं दोनशे झाडांची, तीन वर्षं राबून, मुळशी तालुक्यातली सगळ्यात चांगली भाजी वाढवली होती.

जूनच्या शेवटच्या रविवारी अकरा वाजता कमिटी उतारावर आली. शरदचंद्र सर, हातात फाइल, आणखी तीन-चार लोक, जान्हवी. अंबाबाई नवीन साडी नेसून आली होती, आणि तेही तिला नंतर मूर्खपणाचं वाटलं. सरांनी चष्मा वर करून सगळी झाडं बघितली. हिरवळ छान आहे म्हणाले. मग जान्हवीला विचारलं, पण फुलं?

जान्हवीनं अंबाबाईकडं बघितलं. अंबाबाईच बोलली. तिनं लपवलं नाही काही. हात पदराला पुसत म्हणाली, "साहेब, चूक माझी हाय. म्या हिला भाजीवानी वाढवली. खत घालाय नगं हुतं, खुडाय नगं हुतं. झाडं चांगली हायेत. आता खत न्हाई, पाणी न्हाई, काय न्हाई. एक वरीस द्या, फुलत्यात का न्हाई बघा."

 एक जण म्हणाला की पण मावशी, खत घालून फूल येत नाही, असं कसं? दुसरा हसला. सरांनी फाइल उघडली आणि फार नीट, फार सभ्यपणे सांगितलं की मुदत सगळ्यांच्या सहीनं ठरली होती, ठेकेदार थांबलाय, आणखी एक पावसाळा उतार असाच ठेवला तर लोक मला विचारतील. ते खोटं बोलत नव्हते. खोटं बोलले असते तर भांडता तरी आलं असतं.

अंबाबाई जान्हवीकडं बघत होती. आता ही बोलेल. हिचंच तर फूल. हिनंच तर फोन नाकासमोर धरला होता. जान्हवी म्हणाली, "मावशींनी खूप ट्राय केलं, सर. इट्स ओके."

इट्स ओके. एवढं इंग्रजी अंबाबाईला कळत होतं.

सरांना वाईट वाटलं असावं, कारण ते मागे थांबले आणि म्हणाले की मी ठेकेदाराशी बोललोय, लॉनमध्ये उगवणारं गवत काढायला त्याला माणूस लागणारच, तुमच्याइतकी चांगली खुरपणी कुणाची आहे, तुम्ही त्याच्याकडं लागा. अंबाबाईनं मान हलवली, आधी हो म्हणूनच हलवली. मग तिच्या डोळ्यासमोर आलं. खाली दोनशे गड्डे आहेत. वर लॉनचे गालिचे टाकले तरी पुढच्या पावसाळ्यात ते गालिचे फोडून फोडशी वर येणार. आणि ती उपटायला कोण, तर अंबाबाई. रोज सकाळी, हजेरी लावून.

"ते काम माझ्यानं व्हायचं न्हाई, साहेब," ती म्हणाली. "ही झाडं मला न्हिऊ द्या."

सरांना आधी समजेना. मग म्हणाले, हे गवत? न्या की, ठेकेदाराचा खोदाईचा त्रास वाचेल. पण बुधवारच्या आत.

सोमवार आणि मंगळवार ती उतारावर खोदत होती. एकेक झाड मातीच्या ढेपेसकट. गड्डे निघत होते बोटाएवढे जाड, पांढरे, रसरशीत, आणि प्रत्येक गड्डा हातात आला की तिला नव्यानं चीड यायची. हे बघा, कसे पोसलेत. हिच्या खाण्यापायी माझं काम गेलं. मंगळवारी दुपारी जान्हवी खाली आली, कानात ते वायर नसलेलं यंत्र, ऑफिसची मीटिंग चालूच असणार. ती शेजारी बसली आणि हातानंच माती उकरायला लागली. नखांत माती गेली तरी उकरत होती. बऱ्याच वेळानं म्हणाली, मावशी, मी परवा काहीतरी बोलायला पाहिजे होतं.

"व्हय," अंबाबाई म्हणाली. "पायजे हुतं."

जान्हवीचे डोळे भरले. दुसऱ्या कुठल्या दिवशी अंबाबाईनं तिच्या पाठीवरून हात फिरवला असता. त्या दिवशी नाही फिरवला. एक गोणी तिच्याकडं सरकवली आणि धरा म्हणाली. दोघींनी संध्याकाळपर्यंत सगळ्या गोण्या भरल्या. म्हसू टेम्पो घेऊन आला तेव्हा वॉचमननं ह्या वेळी गेट स्वतः उघडलं आणि अंबाबाईनं गळ्यातलं कार्ड काढून त्याच्या टेबलावर ठेवलं. तो म्हणाला राहू द्या मावशी, सरांकडं द्या. ती म्हणाली तूच दे.

टेम्पोत बसल्यावर म्हसूनं विचारलं, आता हे लावायचं कुटं? खाचराच्या बांधावर चांगली माती आहे.

"चांगली नगं," ती म्हणाली. "आपल्याकडची सगळ्यात वंगाळ जागा कंची?"

म्हसूनं खरोखर विचार केला. आपल्याकडं वंगाळ जागेला काय तोटा, असं म्हणून त्यानं दोन-तीन नावं घेतली, ही नको, तिथं पाणी साचतं, ती नको, तिथं मेंढरं बसतात. शेवटी घरामागच्या मुरमाच्या कपारीवर ठरलं, जिथं घाणेरीसुद्धा नीट धरत नाही. पहारीनं खड्डे करावे लागले. लावून झाल्यावर म्हसूनं सवयीनं विचारलं, बादलीभर पाणी मारू का? तिनं त्याच्याकडं असं बघितलं की तो बादली पालथी घालून त्यावरच बसला.

नोकरी गेली ती गेलीच. आता ती अधूनमधून लोकांच्या बंगल्यांत रोजावर जाते, जुनी नर्सरी बोलावते पण तिकडं तिला जायचं नाही. आणि कपारीवरची फोडशी? लावल्यावर आठ दिवसांत निम्मी पानं पिवळी पडली. अंबाबाई सकाळी जाऊन लांबून बघते आणि हात पाठीमागं बांधून उभी राहते, कारण पुढं ठेवले तर काहीतरी करून बसेल. झाड वाळतंय आणि आपण नुसतं बघायचं, हे तिला आयुष्यात कधी जमलं नव्हतं. रोज ती चिडून परत येते. रोज म्हसू विचारतो, काय म्हणतीया? रोज ती म्हणते, काय म्हणणार, माझं डोस्कं.

जुलैच्या मध्यात जान्हवीचा फोन आला. आवाजात अपराधीपणा अजून होता. लॉन घातलं म्हणाली, छान दिसतंय म्हणाली, मग लगेच म्हणाली तसं काही खास नाही. आणि विचारलं, "मावशी, मी रविवारी येऊ का बघायला? फूल आलंय का एखादं?"

अंबाबाई दारात उभी होती. कपारीवरची पानं तिथून दिसत होती, पिवळी, मरगळलेली, अजून गड्ड्यातल्या जुन्या लेंडीवर जगणारी.

"इतक्यात नगा येऊ," ती म्हणाली. "आदी बारीक हुंद्या तिला. मंग बघू."